लिरिल ते ऋग्वेद

एक छोटीशी टेस्ट. डोळे मिटा आणि धबधब्याखाली हिरव्या बिकिनीत धमाल करणारी ती लिंबाच्या साबणाची मुलगी आठवा. आठवली? (‘नाही’ म्हणणारे एकतर फारच लहान आहेत, किंवा शेजारी बायको बसली आहे.) आता तिच्यामागे वाजणारी ट्यून आठवा. शब्द काही नाहीतच, नुसतं ला-ला-ला. पण ती ट्यून लिरिलला अशी चिकटली की साबण न वापरणाऱ्यालाही पाठ झाली.

आता दुसरी. दूरदर्शन, साल १९८८, ‘भारत एक खोज’चं टायटल. आधी ऋग्वेदातलं नासदीय सूक्त संस्कृतमध्ये, मग त्याच अर्थाचे हिंदी शब्द, मागे अख्खा कोरस. विश्व निर्माण होण्याआधी काय होतं, असले प्रश्न घरात कुणी विचारत नव्हतं, पण ते टायटल लागलं की खोलीत शांतता पसरायची.

या दोन्ही ट्यून्स एकाच माणसाच्या. वनराज भाटिया.

नाव ओळखीचं वाटतंय पण चेहरा डोळ्यासमोर येत नाही ना? बरोबर आहे. बॅकग्राऊंड म्युझिक करणाऱ्या माणसाचं असंच होतं. हिरोचा चेहरा लक्षात राहतो, हिरॉइनची साडी लक्षात राहते, गाण्याचं लोकेशन लक्षात राहतं. सीनच्या खाली वाजत असलेलं जे काही तुम्हाला रडवतं, ते मात्र कुणी केलं हे बघायला आपण थांबत नाही. तोवर थिएटरमध्ये लाइट लागलेले असतात आणि सगळ्यांना पार्किंगची घाई असते.

करिअर म्हणून बघितलं तर हा माणूस एकदम भारी केस स्टडी आहे. ज्यांना पंचविशीत ‘आपलं काहीच झालं नाही’ असं वाटतं त्यांच्यासाठी तर खासच.

जन्म ३१ मे १९२७, मुंबई. घर कच्छी, व्यापारी. एल्फिन्स्टन कॉलेजातून इंग्रजी साहित्यात एमए. सोबत पियानोचे धडे. इथवर साउथ बॉम्बेच्या कुठल्याही खात्यापित्या घरातल्या मुलासारखंच. फरक पुढे पडला. स्वारी थेट लंडनला, रॉयल अकॅडमी ऑफ म्युझिकमध्ये कॉम्पोझिशन शिकायला. १९५४ मध्ये तिथलं शिक्षण सुवर्णपदकासह पूर्ण. मग स्कॉलरशिप मिळवून पॅरिस, आणि तिथे गुरू कोण, तर नादिया बुलाँजे. आता या बाईंचं नाव तुम्ही ऐकलं नसेल तर हरकत नाही, त्यांच्या विद्यार्थ्यांची ऐका: अमेरिकेचा एरन कोपलँड, टँगोवाला आस्तोर पिआझोला, फिलिप ग्लास आणि ज्यानं पुढे मायकल जॅक्सनचा ‘थ्रिलर’ अल्बम प्रोड्यूस केला तो क्विन्सी जोन्स. विसाव्या शतकातल्या संगीताचं एमबीए जर कुठे होत असेल तर ते या बाईंच्या क्लासमध्ये, असं समजा.

१९५९ मध्ये भाटिया परत आले. वय बत्तीस. हातात युरोपातली सगळ्यात भारी डिग्री आणि डोक्यात सिंफनी, सोनाटा, फ्यूग. आणि गाव कोणतं? मुंबई. जिथे शंकर-जयकिशन, ओ. पी. नय्यर, सचिनदेव बर्मन ऐन भरात होते. इथे फ्यूग कोण ऐकणार? पाश्चात्त्य क्लासिकलचा श्रोता म्हणजे कुलाबा ते मलबार हिलमधली मूठभर मंडळी, आणि त्यांनाही बाख आणि बीथोवन हवा होता, भाटिया नव्हे.

मग पहिलं काम काय मिळालं? शक्ती सिल्क साड्यांची जाहिरात! भारतात जाहिरातपटासाठी म्हणून खास संगीत रचणारे पहिले संगीतकार ते हेच, असं त्यांच्याबद्दल सांगितलं जातं. पॅरिसहून येऊन साडीची जाहिरात. मला तर यात काही कमीपणा वाटत नाही. रेंट भरायचाच असतो, मोझार्टलाही भरायचा होता.

मध्ये एक चांगली नोकरीही करून झाली. १९६० ते १९६५ दिल्ली विद्यापीठात पाश्चात्त्य संगीतशास्त्राचे रीडर. विचार करा, विद्यापीठ, पगार, सुट्ट्या, पुढे प्रोफेसर, पेन्शन. आपल्यापैकी कित्येकांच्या आई-बाबांचं स्वप्न! पाच वर्षांनी हे सगळं सोडून साहेब मुंबईला, परत जाहिरातींकडे.

आणि जाहिरातींचा धंदा नेमका तेव्हाच मोठा होत होता. १९६७ मध्ये विविध भारतीवर जाहिराती सुरू झाल्या, त्याही आधी मुंबई-पुणे-नागपूरकडे. दूरदर्शनवर त्या १९७६ मध्ये आल्या. तोपर्यंत जाहिरातपट म्हणजे थिएटरमध्ये, सिनेमाच्या आधी. या सगळ्या काळात भाटियांनी किती जिंगल्स केल्या याचा आकडा हजारांमध्ये सांगितला जातो. नेमका मोजायला कोण बसलंय? त्यातली सगळ्यात गाजलेली अर्थात लिरिल, गायिका प्रीती सागर.

जिंगल हा प्रकार आपल्याला फालतू वाटतो, पण जरा गणित बघा. ३५ एमएमची फिल्म सेकंदाला २४ फ्रेम्स पळते. तीस सेकंदांची जाहिरात म्हणजे ७२० फ्रेम्स, फूटपट्टीवर मोजली तर ४५ फूट. त्यात धबधबा, मुलगी, लिंबू, साबण, पॅकेट आणि शेवटी नाव. पॅकेट पडद्यावर आलं की ट्यून तिथेच ‘बसली’ पाहिजे, अर्धा सेकंद इकडेतिकडे झालं तर क्लायंट हलवाहलव करायला लावणार. कॉम्प्युटर नाही, कट-पेस्ट नाही. वादक समोर बसलेत, स्टुडिओ शिफ्टवर घेतलाय, घड्याळ पळतंय. ज्यांनी क्लायंटचं ‘जरा अजून एनर्जेटिक करता येईल का?’ हे वाक्य रात्री नऊ वाजता ऐकलं आहे, त्यांना हे वेगळं सांगायला नको.

आणि याच कामात पॅरिसचं शिक्षण उपयोगी पडलं. हिंदी सिनेमात तेव्हा साधारण पद्धत अशी होती की संगीतकार चाल बांधणार आणि मग अरेंजर ती वाद्यवृंदासाठी लिहून काढणार. हे अरेंजर आणि व्हायोलिन-ट्रम्पेटवाले बरेचसे गोव्याचे. सेबॅस्टियन डिसोझा, अँथनी गोन्साल्विस ही त्यातली मोठी नावं. (हो, ‘माय नेम इज’वाला अँथनी गोन्साल्विस खराखुरा होता, प्यारेलालचा व्हायोलिनचा गुरू.) पाश्चात्त्य नोटेशन त्यांना येई, संगीतकाराला बहुतेक वेळा नाही. भाटियांचं उलटं. प्रत्येक वाद्यानं काय वाजवायचं ते स्वतः कागदावर लिहून मोकळे. तीस सेकंदांत चूक करायला जागा नसते तेव्हा हा माणूस हवाच.

ॲडवाल्या मंडळींत आणखी एक गृहस्थ होते, जाहिराती करून करून सिनेमा करायला तडफडणारे. श्याम बेनेगल. त्यांच्या पहिल्या सिनेमाला पैसे घातले तेही थिएटरमध्ये जाहिराती पुरवणाऱ्या ‘ब्लेझ’ कंपनीनं. म्हणजे आपण ज्याला ‘समांतर सिनेमा’ म्हणतो आणि जो आपल्याला फिल्म सोसायटीत खादीचा कुर्ता घालून बघायचा असतो, त्याची फायनान्स आणि टॅलेंट दोन्ही साबण-साड्यांच्या जाहिरातींतून आली. मला हा योगायोग फार आवडतो.

‘अंकुर’, १९७४. संगीत वनराज भाटिया. वय सत्तेचाळीसच्या आसपास! पहिला फीचर फिल्म! आपल्याकडे तिशीत प्रमोशन हुकलं तर लोक विपश्यनेला जातात.

गंमत म्हणजे ‘अंकुर’मध्ये संगीत जवळजवळ नाहीच. पक्षी, वारा, पायांचे आवाज, शांतता. हजारो सेकंद ठासून भरायची सवय असलेल्या माणसानं इथे हात आवरला. माझ्या मते त्यांचं पहिलं मोठं काम हेच. काय वाजवायचं हे बऱ्याच जणांना कळतं, कधी वाजवायचं नाही हे फार थोड्यांना.

तिथून पुढे बेनेगल-भाटिया जोडी दोन दशकांहून जास्त चालली. १९७५ ला ‘निशांत’, १९७६ ला ‘मंथन’, दोन्हींच्या लिखाणात आपले विजय तेंडुलकर. ‘मंथन’ तर गुजरातच्या पाच लाख शेतकऱ्यांनी प्रत्येकी दोन रुपये घालून काढलेला सिनेमा. त्यातल्या गाण्यावर प्रीती सागरला फिल्मफेअर मिळालं आणि पुढे अमूलनं तेच गाणं जाहिरातीत घेतलं. म्हणजे जाहिरातीतून सिनेमात गेलेला माणूस, आणि त्याचं सिनेमातलं गाणं परत जाहिरातीत. सर्कल कम्प्लीट.

१९७७ चा ‘भूमिका’ हंसा वाडकरांच्या ‘सांगत्ये ऐका’वर. स्मिता पाटील बघण्यासाठी आपण सगळे तो बघतो, आणि बघावाच. पण एकदा नुसता ऐका. कथा काही दशकं फिरते, नायिका सिनेमात काम करणारी. म्हणजे सिनेमातल्या सिनेमाची गाणीही त्या त्या काळातली वाटायला हवीत. तीस-चाळीसच्या दशकातली चाल, तेव्हाचा ठेका, तेव्हाचा वाद्यमेळ, आणि हे सगळं लंडन-पॅरिसला शिकलेल्या माणसानं बनवायचं. त्यांनी ते असं बनवलं की नकली वाटत नाही.

आणि रेंज बघा. १९८१ मध्ये अपर्णा सेनच्या ‘३६ चौरंगी लेन’मधली कलकत्त्याची एकटी अँग्लो-इंडियन शिक्षिका. १९८३ मध्ये कुंदन शहाचा ‘जाने भी दो यारों’. १९८५ मध्ये ‘त्रिकाल’, १९६१ च्या गोव्यातलं पोर्तुगीज वळणाचं घर आणि त्यात रेमो फर्नांडिस. १९९६ मध्ये ‘सरदारी बेगम’, म्हणजे ठुमरी, आणि गायला आपली आरती अंकलीकर-टिकेकर. एका बायोडेटात एवढं सगळं लिहिलंत तर एचआर म्हणेल, कॅन्डिडेट फोकस्ड नाही.

मग टीव्ही. आजच्या सीरियल्समध्ये सासूनं मान वळवली की तीनदा वीज कडाडते, तो प्रकार तेव्हा नव्हता. ऐंशीच्या दशकात ‘खानदान’, ‘यात्रा’, ‘वागळे की दुनिया’ या सगळ्यांत भाटिया आहेत. पण दोन कामं वेगळीच.

एक, गोविंद निहलानींचं ‘तमस’. फाळणी. त्या संगीतातली ती आर्त हाक ज्यांनी रात्री घरात ऐकली ते अजून सांगतात. त्याबद्दल भाटियांना सर्वोत्कृष्ट संगीताचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. वयाच्या साठीत.

दुसरं, ‘भारत एक खोज’. ५३ एपिसोड. नेहरूंचं पुस्तक, बेनेगलांचं दिग्दर्शन, आणि म्युझिकचा ब्रीफ काय, तर पाच हजार वर्षं! वेदकाळ, बुद्ध, मोगल, भक्ती, १८५७, स्वातंत्र्यलढा. कुठल्याही क्लायंटनं इतका अमानुष ब्रीफ दिला नसेल. टायटलचे हिंदी शब्द वसंत देवांचे. त्यावर भाटियांनी जे केलं ते आधी आपल्या टीव्हीवर कुणी केलं नव्हतं. आपलं संगीत मुळात एका सुराच्या मागे जाणारं. पाश्चात्त्य पद्धतीत एकाच वेळी तीन-चार सूर आपापल्या वाटेनं चालतात आणि तरी एकमेकांना सोडत नाहीत. (मीटिंगमध्ये चार जण एकाच वेळी बोलतायत आणि तरी सगळ्यांचं कळतंय, असं काहीसं. फक्त इथे खरंच कळतं.) वेदपठणाला हा असा कोरस जोडणं म्हणजे मोठीच जोखीम. चर्चचं वाटलं असतं, किंवा नाटकी वाटलं असतं. ते दोन्ही न वाटता जे वाटतं त्यासाठी मला अजून शब्द सापडलेला नाही.

नव्वदीत त्यांनी मेनस्ट्रीम सिनेमांचं नुसतं पार्श्वसंगीतही केलं. ‘दामिनी’ आणि ‘परदेस’ची गाणी नदीम-श्रवणची, ती आपण कॅसेटवर घासली. गाण्यांच्या मधलं म्युझिक भाटियांचं. कॅसेटवर ते नसायचंच, त्यामुळे दुकानात विकलंही जायचं नाही.

आता इथे पैशांबद्दल बोलायला हवं, कारण या करिअरची खरी मेख तिथे आहे.

आपल्या १९५७ च्या कॉपीराइट कायद्याची गोम अशी की, निर्मात्यानं पैसे देऊन तुमच्याकडून काम करून घेतलं आणि करारात वेगळं काही लिहिलं नसेल, तर पहिला मालक निर्माता. १९७७ मध्ये सुप्रीम कोर्टानंही सिनेसंगीताबाबत निर्मात्यांच्या बाजूनं निकाल दिला. (त्याच निकालाला जोडलेल्या टिपणात न्या. कृष्ण अय्यर यांनी गाणाऱ्याला कायद्यात जागाच नाही याबद्दल खंत व्यक्त केली होती. खंत झाली, कायदा तोच राहिला.) व्यवहारात याचा अर्थ सोपा: एकदाचं बिल, एकदाचा चेक, नमस्कार. ट्यून पुढे वीस वर्षं वाजो की चाळीस, तुमच्या खात्यात काही येणार नाही. पार्श्वसंगीतवाल्याची अवस्था तर गाणेवाल्यापेक्षा वाईट. गाणं निदान रेडिओवर तुमच्या नावानं लागतं. सीनखालच्या व्हायोलिनची फर्माईश कोण करणार?

आणि नोकरी तर सोडलेली. पीएफ नाही, ग्रॅच्युइटी नाही, पेन्शन नाही.

२०१२ हे वर्ष बघा. त्या एका वर्षात तीन गोष्टी झाल्या. भाटियांना पद्मश्री मिळाली, वयाच्या पंच्याऐंशीच्या उंबरठ्यावर. गिरीश कर्नाडांच्या नाटकावरचा त्यांचा ऑपेरा ‘अग्निवर्षा’, ज्यावर ते कित्येक वर्षं खपत होते, त्याचे पहिले दोन अंक न्यू यॉर्कमध्ये सादर झाले. मुंबईत नाही, न्यू यॉर्कमध्ये. आणि तिसरी गोष्ट, संसदेनं कॉपीराइट कायदा बदलला. गीतकार-संगीतकारांचा रॉयल्टीचा हक्क आता करारानंही काढून घेता येत नाही. राज्यसभेत त्यासाठी जोर लावला तो जावेद अख्तरांनी, ‘सरदारी बेगम’च्या गीतकारानं. पण भाटियांच्या पन्नास वर्षांतलं बहुतेक काम त्याआधीच बिल होऊन, चेक वटून, फाइल बंद झालेलं.

मग २०१९. जानेवारीत जगातला सर्वांत नावाजलेला चेलोवादक यो-यो मा मुंबईत आला आणि त्यानं भाटियांची ‘रेव्हरी’ ही रचना वाजवली. पॅरिसहून परतलेल्या त्या बत्तीस वर्षांच्या मुलाला नेमकं हेच हवं होतं, नाही का? फक्त मधे साठ वर्षं गेली. त्याच वर्षी काही महिन्यांनी पेपरात बातमी आली की वनराज भाटियांच्या बँक खात्यात काही उरलेलं नाही, गुडघे साथ देत नाहीत, स्मृती दगा देते आहे, घरातली जुनी क्रॉकरी विकायची वेळ आली आहे. बातमीनंतर मदत आली. रॉयल्टी गोळा करणारी आयपीआरएस ही संस्था पुढे आली, चाहत्यांनीही पैसे जमवले. ७ मे २०२१ रोजी ते मुंबईतच गेले. चौऱ्याण्णव पूर्ण व्हायला तीन-एक आठवडे बाकी होते. दुसऱ्या लाटेचे दिवस, पेपरात त्या आठवड्यात मृत्यूंच्या बातम्यांना तोटा नव्हता.

बहुतेक मृत्युलेखांनी त्यांची गोष्ट ‘उपेक्षित कलावंत’ या साच्यात बसवली. मला ते अर्धवट वाटतं. राष्ट्रीय पुरस्कार, संगीत नाटक अकादमी, पद्मश्री, एवढं मिळालेला माणूस उपेक्षित कसा? कौतुक भरपूर झालं. कौतुकाला ईएमआय भरता येत नाही, एवढाच प्रॉब्लेम. आणि ‘कलाकारानं पैशांचा विचार करू नये’ असं म्हणणारी मंडळी सहसा पगारदार असतात, हे माझं निरीक्षण.

तुमच्यापैकी जे कॉपीरायटर, डिझायनर, एडिटर, ॲनिमेटर, सॉफ्टवेअरवाले आहेत, त्यांनी आपलं ऑफर लेटर एकदा परत उघडून बघा. ‘इंटलेक्चुअल प्रॉपर्टी’ नावाचा एक परिच्छेद असेल, बहुतेक चौथ्या-पाचव्या पानावर, जिथपर्यंत जॉइनिंगच्या दिवशी कुणी वाचत नाही. भाटियांच्या पिढीच्या करारात हा परिच्छेद असायचाच असंही नाही. मुळात करार असायचा असंही नाही.

बेनेगलही २०२४ च्या डिसेंबरात गेले. त्याच वर्षी मे महिन्यात ‘मंथन’ची दुरुस्त केलेली झकास प्रिंट कान फिल्म फेस्टिव्हलमध्ये दाखवली गेली. ४८ वर्षांपूर्वी दोन-दोन रुपये दिलेल्या शेतकऱ्यांचा सिनेमा, समोर टक्सीडोवाले, आणि वर भाटियांची चाल.

‘भारत एक खोज’ यूट्यूबवर आहे. ५३ एपिसोड बघायला वेळ कुणाला, ठीक आहे. पण या शनिवारी पहिला एपिसोड लावा, लॅपटॉपच्या स्पीकरवर नको, चांगल्या हेडफोन्सवर. टायटल स्किप करू नका. पहिल्यांदा वरचा मुख्य सूर ऐका, तो पाठ असेलच. मग मागे जाऊन पुन्हा लावा आणि या वेळी त्याच्या खाली काय चाललंय ते ऐका.